चेक घेण्यापूर्वी ‘हरकत राखून’ हे दोन शब्द लिहा

१९८९ साली आमच्या गावाजवळून कालवा गेला. त्यात आमच्या वडिलांच्या वाट्याची पाऊण एकर महारकीची जमीन गेली. आम्ही तेव्हा चौथीत होतो. मुंबईचा गिरणी संप फसल्यावर वडील गावी परतले होते आणि तेवढ्याच जमिनीवर बाजरी-तूर काढून घर चालवत होते. चेक घ्यायला तालुक्याला बोलावणे आले तेव्हा ते धुतलेला सदरा घालून गेले. रांगेतली बहुतेक माणसे शाईत अंगठा बुडवत होती. वडिलांनी मात्र खिशातले पेन काढून सही केली. रात्रशाळेत शिकलेली ती सही. “साहेब म्हणाले, वा, सही करता!” हे त्यांनी पुढे कित्येक वर्षे आम्हाला सांगितले.

त्या सहीच्या वर काय छापले होते, ते त्यांनी वाचले नव्हते. कोणी वाचूनही दाखवले नव्हते.

त्याच कालव्यात गावच्या एका बड्या बागायतदाराचीही जमीन गेली होती. वडिलांच्या बांधाला बांध लागून, तशीच माळरानाची. त्याने चेक घेताना कागदावर दोन शब्द लिहिले, मुदतीत अर्ज केला आणि प्रकरण कोर्टात नेले. १९९६ साली कोर्टाने त्याचा मोबदला जवळजवळ तिप्पट केला. वडिलांना हे कळले १९९८ च्या पावसाळ्यात, तेही एस.टी.ची वाट पाहत असताना कोणाच्या तरी बोलण्यातून. ते कार्यालयात गेले तर उत्तर मिळाले, “तुम्ही रक्कम घेऊन सही केलीत, विषय संपला.” वडील परत आले आणि त्या सहीविषयी पुन्हा कधी बोलले नाहीत.

पुढे आम्ही बी.कॉम. झालो, कारकुनीला लागलो आणि एकदा १८९४ चा भूसंपादन कायदा हाती घेऊन बसलो. तेव्हा समजले की वडिलांना मिळालेले उत्तर अर्धवट होते. हरकत न नोंदवता रक्कम घेतली तर वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही, हे खरे. पण त्याच कायद्यात १९८४ साली २८-अ हे कलम घातले गेले होते. एकाच अधिसूचनेत जमीन गेलेल्या एखाद्याला कोर्टाने वाढ दिली, तर अर्ज न केलेल्या इतरांनाही त्या निकालापासून तीन महिन्यांच्या आत तीच वाढ मागता येत होती. म्हणजे वडिलांपुढे दोन दारे होती. एक त्यांच्या सहीने बंद झाले आणि दुसरे तारखेने. दोन्ही वेळा घरात कायदा वाचणारा कोणी नव्हता.

वाचक बंधू-भगिनींनो, आज ३०-३५ वर्षांनी हे सांगण्याचे कारण असे की तो जुना कायदा गेला, पण ही दोन्ही दारे नव्या कायद्यात तशीच आहेत आणि आपली माणसे अजूनही तिथेच अडखळतात. दर रविवारी विहारात कागदांची पिशवी घेऊन कोणी ना कोणी आमच्याकडे येते. पिशवीत सातबारा असतो, लाईटबिल असते, जुन्या चिठ्ठ्या असतात, आणि ज्याची खरी गरज आहे ती सही केलेल्या कागदाची नक्कल तेवढी नसते.

नवा कायदा २०१३ चा. तो १ जानेवारी २०१४ पासून लागू झाला. त्याचे नाव लांबलचक आहे, पण त्यातले ‘वाजवी भरपाई मिळण्याचा हक्क’ हे शब्द ध्यानात ठेवण्यासारखे आहेत. १८९४ चा कायदा इंग्रज सरकारने जमीन घेण्यासाठी केला होता. नव्या कायद्याने निदान नावात तरी जमीन देणाऱ्याचा हक्क आणला. हा हक्क म्हणजे सरकारची मेहेरबानी नव्हे. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून काढला गेला, पण कायद्याच्या आधाराशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येणार नाही असे सांगणारे कलम ३००-अ संविधानात आले. सर्वोच्च न्यायालयाने मे २०२४ मध्ये कोलकाता महापालिकेच्या एका प्रकरणात या कलमाची फोड केली. नोटीस मिळणे, म्हणणे ऐकले जाणे, निर्णयाची कारणे कळणे, सार्वजनिक कारण असणे आणि वाजवी भरपाई मिळणे ही सगळी त्याचीच अंगे आहेत असे न्यायालयाने म्हटले.

आता हिशेब. आम्ही पडलो वाणिज्य शाखेचे, तेव्हा आकड्यांतच सांगतो. समजा एक एकर जमिनीचे बाजारमूल्य १० लाख रुपये ठरले. जमीन ग्रामीण भागात असेल तर त्याला एक ते दोन यांमधल्या गुणांकाने गुणायचे असते. हा गुणांक राज्य शासन अधिसूचनेने ठरवते आणि तो प्रकल्पानुसार व काळानुसार बदलत आला आहे, म्हणून आपल्या प्रकरणात कोणता लावला हे लेखी विचारावे. समजा दोन लावला, तर झाले २० लाख. विहीर, झाडे, गोठा यांचे मूल्य १ लाख धरले तर एकूण २१ लाख. यावर शंभर टक्के दिलासा रक्कम, म्हणजे आणखी २१ लाख. झाले ४२ लाख. शिवाय कायद्याने ठरवलेल्या अधिसूचनेच्या तारखेपासून निवाडा किंवा ताबा यांतले जे आधी होईल तोपर्यंत मूळ बाजारमूल्यावर वर्षाला १२ टक्के. दीड वर्ष गेले असेल तर १ लाख ८० हजार. एकूण ४३ लाख ८० हजार. जुन्या कायद्यात ही दिलासा रक्कम ३० टक्केच होती. या कायद्याखालच्या निवाड्याच्या रकमेवर कलम ९६ प्रमाणे आयकर लागत नाही, हेही लिहून ठेवा.

या सगळ्या इमारतीचा पाया म्हणजे पहिला आकडा, बाजारमूल्य. तो दहाऐवजी सहा लाख धरला गेला तर शेवटी जवळजवळ सतरा लाखांचा फरक पडतो. रेडीरेकनरचा दर एका बाजूला. जवळपासच्या तशाच जमिनींच्या मागील तीन वर्षांतल्या खरेदीखतांपैकी वरच्या किमतीच्या निम्म्या खतांची सरासरी दुसऱ्या बाजूला. या दोहोंत जो आकडा मोठा तो धरायचा असतो. ही खरेदीखते दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात सूची क्रमांक दोनमध्ये सापडतात. थोडी फी भरून ती काढता येतात. गावातल्या दहा घरांनी वर्गणी करून ती काढावीत. इथे एक कडू गोष्टही सांगितली पाहिजे. मुद्रांक शुल्क वाचवायला लोक खतात किंमत कमी लिहितात आणि उरलेले पैसे हातोहात देतात. तेच कमी आकडे पुढे सगळ्या गावाच्या मोबदल्याच्या आड येतात.

संयुक्त मोजणीच्या दिवशी कामाचा खाडा झाला तरी बेहत्तर, पण घरातले जाणते माणूस शेतावर हजर पाहिजे. विहीर, बोअर, आंबा, लिंब, कौलारू खोली हे सारे त्या दिवशी कागदावर आले नाही तर नंतर आणणे फार जड जाते. सातबाऱ्यावर जिरायत लिहिले आहे आणि शेतात मात्र पाण्याची सोय आहे, असे असेल तर तेही तिथेच सांगावे. नंतर हक्क सांगण्याची नोटीस येते, तिचे उत्तर तोंडी देऊ नये. आपला वाटा किती, किती रक्कम मागतो आणि का, हे लिहून द्यावे आणि नकलेवर आवक शिक्का व तारीख घ्यावी. आम्ही स्वतः कारकून आहोत. ज्या कागदावर शिक्का नाही तो कागद कार्यालयाच्या दृष्टीने जन्मालाच आलेला नसतो, हे अनुभवाने सांगतो.

आता आपल्या घरांची खास अडचण. आपल्यापैकी पुष्कळांची जमीन ही वतनाची. महार वतनाच्या गुलामगिरीविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ सालीच मुंबई विधिमंडळात विधेयक मांडले होते. वतने रद्द करणारा कनिष्ठ गावनोकर वतनांचा कायदा झाला तो १९५८ चा. त्यानुसार जमिनी जुन्या वतनदारांना परत मिळाल्या, पण त्या नव्या शर्तीने, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय विकता वा वाटता येणार नाहीत अशा. सातबाऱ्यावर ‘भोगवटादार वर्ग २’ लिहिलेले असते ते हेच. मोबदल्याच्या वेळी याचा परिणाम असा होतो की शर्तीच्या जमिनीच्या रकमेतून शासनाच्या नावाने काही कपात दाखवली जाऊ शकते. अशी कपात दिसली तर ती कोणत्या आदेशाने, किती टक्के आणि कशावर धरली, हे लेखी मागा. दुसरे असे की जमीन परत मिळताना कैक ठिकाणी एकाच थोरल्या भावाचे नाव लागले. तीन पिढ्यांत त्या एका नावामागे साठ-सत्तर वारस झाले. काही मुंबईला, काही पुण्याला, काहींचा पत्ताच नाही. जमीन पडीक होती तोवर कोणी विचारले नाही. नोटीस निघाली की सगळ्यांना गाव आठवते.

म्हणून नोटिशीची वाट पाहू नका. सातबारा व जुने फेरफार आजच काढा आणि वारसनोंदीचा अर्ज द्या. तलाठ्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात. नाव बदलले तरी चकरा माराव्या लागतातच, त्या माराव्यात.

इथे आमच्या भगिनींसाठी दोन शब्द जास्त लिहितो. वारसाहक्कासाठी बौद्धांना १९५६ चा हिंदू वारसा कायदाच लागू आहे. मुलीला वडिलांच्या मिळकतीत वाटा आहे. २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीतही तिला मुलाबरोबरीचा हक्क दिला आणि सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये तो जन्मतःच असल्याचे स्पष्ट केले. तरीही मोबदल्याचा सुगावा लागला की भाचे-पुतणे साडी-चोळी घेऊन आत्याच्या दारात येतात आणि हक्कसोडपत्रावर सही मागतात. समतेवर भाषणे करणाऱ्या घरांतूनही हे चालते, आम्ही पाहिले आहे. आत्याने वाटा सोडायचा की घ्यायचा हा तिचा प्रश्न. पण किती रुपयांवर पाणी सोडतो आहोत हे तिला आधी समजले पाहिजे. नाव डावलले गेले असेल तर पैसे वाटण्यापूर्वीच भूसंपादन अधिकाऱ्याकडे लेखी हरकत द्यावी. वाट्याचा वाद असेल तर तो कलम ७६ खाली प्राधिकरणाकडे जाऊ शकतो आणि रक्कम तिथे जमा राहते.

आमच्या वस्तीत एक मावशी आहेत. चार घरची धुणीभांडी करतात. गावाकडे नवऱ्याच्या वाट्याची वीस गुंठे जमीन साठवण तलावात गेली. नवरा वारला तेव्हा वारसनोंद केली नव्हती. ती करण्यातच आठ महिने गेले. दोन्ही दिरांनी आडकाठी केली नाही, हे त्यांच्या चांगुलपणाचे. निवाड्याची नोटीस आली तेव्हा मावशी म्हणाल्या, “भाऊ, तुम्ही संगं चला. मला वाचता येत न्हाई.” आम्ही एक दिवसाची किरकोळ रजा टाकून गेलो.

टेबलावरच्या कर्मचाऱ्याने छापील नमुना पुढे सरकवला, फुली मारलेली जागा दाखवली आणि म्हणाला, “इथे अंगठा, इथे बँकेचा नंबर.” आता चेक हातात देत नाहीत, रक्कम खात्यावर जाते. त्यामुळे हा नमुनाच पूर्वीच्या चेकच्या पावतीसारखा आहे. आम्ही तो वाचला. त्यात एक ओळ होती की ठरलेला मोबदला मला मान्य असून माझी कोणतीही तक्रार नाही. वाचताना आम्हाला वडिलांचे पेन दिसले. आम्ही म्हणालो, ही ओळ खोडून मावशींच्या वतीने दुसरी लिहायची आहे. तो म्हणाला, तसे केले तर पैसे मिळणार नाहीत.

हे चूक आहे, आणि ते शांतपणे सांगता आले पाहिजे. २०१३ च्या कायद्याच्या कलम ७७ मध्ये स्पष्ट आहे की रक्कम अपुरी वाटत असेल तर हरकत राखून ती स्वीकारता येते. त्याच कलमात हेही आहे की हरकत न राखता रक्कम घेतली तर वाढीचा अर्ज करता येत नाही. आम्ही कलमाची झेरॉक्स नेली होती, ती पुढे ठेवली. तो उठून आत गेला, पाच मिनिटांनी परत आला आणि म्हणाला, “लिहा काय लिहायचे ते.” त्याच्यावर आमचा राग नाही. त्यालाही तो नमुना वरूनच आलेला असणार. आम्ही लिहिले, ‘मोबदल्याची रक्कम अपुरी असल्याने मी ती माझी हरकत राखून स्वीकारत आहे.’ इंग्रजीत अंडर प्रोटेस्ट म्हणतात ते हेच. मावशींनी खाली अंगठा केला. याच मजकुराचा वेगळा अर्जही आवकला दिला आणि पोच घेतली. एवढ्याला सव्वा तास लागला.

पण हरकत लिहिली म्हणजे वाढ मिळाली असे नव्हे. त्यानंतर कलम ६४ चा अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे करावा लागतो, तेव्हा प्रकरण प्राधिकरणाकडे जाते. निवाड्याच्या वेळी आपण हजर असू तर सहा आठवडे. हजर नसू तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांत जे आधी संपेल ते. उशिराला सबळ कारण असेल तर पुढे एक वर्षापर्यंत अर्ज घेतला जाऊ शकतो, पण त्या भरवशावर राहू नये. आणि वडिलांच्या बाबतीत बंद झालेले दुसरे दार आता कलम ७३ मध्ये आहे. एकाच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याला प्राधिकरणाने वाढ दिली तर त्या निकालापासून तीन महिन्यांत आपणही अर्ज करू शकतो. यासाठी शेजारी काय करतो आहे याची खबर ठेवली पाहिजे, मग त्याच्याशी बोलणे असो वा नसो.

नोटीस कोणत्या कायद्याखाली आहे, हे मात्र आधी पाहावे. राष्ट्रीय महामार्गाची असेल तर ती १९५६ च्या कायद्याची असते. तिथे हरकतीला २१ दिवस असतात आणि रक्कम मान्य नसेल तर केंद्र सरकारने नेमलेल्या लवादाकडे जावे लागते. १ जानेवारी २०१५ पासून २०१३ च्या कायद्यातील भरपाईच्या तरतुदी तिथेही लागू आहेत. एमआयडीसीचा १९६१ चा कायदा आणखी वेगळा. आणि आता थेट खरेदीही होते. समृद्धी महामार्गाच्या वेळी ती मोठ्या प्रमाणावर झाली. तिच्यात पैसे लवकर मिळतात आणि दरही चढा दिला जातो, म्हणून ती वाईट असे आम्ही म्हणत नाही. पण ते खुशीचे खरेदीखत असते. सही केल्यावर निवाडा नाही, म्हणून कलम ६४ ही नाही. जे काही ताणायचे ते सहीच्या आधी.

पैसे पूर्ण देण्यापूर्वी ताबा घेता येत नाही, असे कलम ३८ सांगते. तातडीच्या संपादनाचे नियम वेगळे आहेत. ताबा आधी घेऊन पैसे मागाहून दिले तर पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के व्याज मागता येते. आणि कागदच न करता जमीन घेतली असेल तर? हिमाचल प्रदेशातल्या हमीरपूर जिल्ह्यात १९६७-६८ साली एका बाईची जमीन सरकारने रस्त्यासाठी घेतली. संपादन नाही, निवाडा नाही, पैसा नाही. बाई विधवा, निरक्षर. २०१० मध्ये त्या उच्च न्यायालयात गेल्या. इतकी वर्षे आमचाच कब्जा आहे, म्हणून जमीन आमची झाली, असे सरकार म्हणाले. ८ जानेवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळले. कल्याणकारी राज्याला आपल्याच नागरिकाच्या जमिनीवर कब्जेवहिवाटीने मालकी सांगता येणार नाही, असे सांगून भरपाई द्यायला लावली. तेव्हा त्या बाई ऐंशीच्या घरात होत्या. आपल्याकडेही कित्येक गावांत पाझर तलाव आणि रस्ते असेच झालेले आहेत. ज्यांची जमीन गेली आणि कागद सापडत नाही, त्यांनी माहितीच्या अधिकारात आधी निवाड्याची प्रत मागावी.

ज्यांच्या नावावर गुंठाही नाही, त्यांनी हे पान उलटू नये. त्या जमिनीवर आधीची तीन वर्षे मजुरी वा खंड-बटईने पोट भरणारी कुटुंबेही, त्यांचा मुख्य चरितार्थ त्यावर असेल तर, कायद्याने ‘बाधित कुटुंब’ आहेत. त्यांची नावे पुनर्वसनाच्या यादीत आली पाहिजेत. यादी करायला माणसे वस्तीत येतात तेव्हा आपण मजुरीला गेलेलो असतो, अडचण ती आहे.

वकिलाच्या फीची धास्ती हे गप्प बसण्याचे मोठे कारण. १९८७ च्या विधी सेवा कायद्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जातीच्या व्यक्तींना आणि सर्व स्त्रियांना, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळू शकतो. १९९० पासून बौद्ध झालेल्या अनुसूचित जातींनाही तो दर्जा आहे. तालुका न्यायालयातच विधी सेवा समितीचे कार्यालय असते. जातीचा दाखला आणि नोटीस घेऊन जावे.

मावशींचा कलम ६४ चा अर्ज सहाव्या आठवड्याला तीन दिवस बाकी असताना दाखल झाला. समितीने वकीलबाई दिल्या आहेत. सूची क्रमांक दोनमधून काढलेली अकरा खरेदीखते जोडली आहेत आणि मावशींच्या दोन्ही दिरांनीही आपापले अर्ज लावले आहेत. पहिली तारीख पुढच्या महिन्यात आहे. त्या दिवसाची रजा आम्ही आजच टाकून ठेवली आहे.